गाडीवानाचा इतिहास कोण लिहिणार?

राजेरजवाड्यांच्या लढाया लिहून ठेवण्यास भाट, बखरकार आणि पगारी पंडित कधींच कमी पडले नाहींत. कमी पडतात ते गाडीवानाचा, गवंड्याचा, हमालाचा आणि चिखलांत वांकून भाताचें रोप लावणाऱ्या बाईचा इतिहास लिहिणारे. ज्यांच्या घामावर राज्य चालतें त्यांचें नांव राज्याच्या दप्तरांत दोनच ठिकाणीं सांपडतें. एक वसुलीच्या यादींत व दुसरें शिक्षेच्या यादींत. परक्या राजवटीखालीं तर विचारावयासच नको. तेथें दप्तर परक्याचें, भाषा परक्याची, आणि तें वाचून दाखविणारा कारकूनही परक्याच्याच मिठावर वाढलेला. हें दप्तर धन्याच्या बाजूनें न वाचतां रयतेच्या बाजूनें वाचून दाखविणारा एक माणूस आफ्रिकेंत होऊन गेला. त्याचें नांव उस्मान सेम्बेन. तो चित्रपटांच्या पटकथा लिहीत असे व बहुधा स्वतःच ते चित्रपट तयार करीत असे. आमच्या शेतकरी व कारागीर बंधुभगिनींस त्याची ओळख करून द्यावी, एवढाच आजच्या लेखाचा हेतु आहे.

सेनेगल हा आफ्रिका खंडाच्या अगदीं पश्चिम टोंकाचा देश. त्यावर फ्रेंचांचें राज्य होतें. १९६० सालीं तो स्वतंत्र झाला. देशाच्या दक्षिणेस कासामांस नांवाचा भातशेतीचा मुलूख आहे. तेथें झिगिंशोर ह्या गांवीं १९२३ सालीं सेम्बेनचा जन्म झाला. बाप मासेमारी करून पोट भरणारा. मुख्याध्यापकाशीं खटका उडून पोराची शाळा लहानपणींच सुटली. पुढें त्यानें गवंडीकाम केलें, यंत्रें दुरुस्त केलीं, आणि १९४४ सालीं फ्रेंच फौजेंत भरती होऊन फ्रान्सची चाकरी बजावली. युद्ध संपल्यावर तो फ्रान्समधील मार्सेय बंदरांत गोदीचा हमाल झाला. तेथें कामावर त्याच्या पाठीच्या कण्यास जबर दुखापत झाली. जड ओझीं उचलणें संपलें. पण कामगारांच्या संघटनेंत त्यास पुस्तकांची गोडी लागली होती, ती त्याच्या कामीं आली. १९५६ सालीं त्याची गोदी-कामगाराच्या जिण्यावरील पहिली कादंबरी निघाली. १९६० सालीं निघालेल्या दुसऱ्या एका कादंबरींत त्यानें डाकार-नायजर रेल्वेच्या कामगारांनीं १९४७-४८ सालीं पांच महिन्यांहून अधिक काळ चालविलेल्या संपाची कथा सांगितली. त्या कादंबरींत संप लढतात ते केवळ पुरुष नव्हेत. घरांत दाणा नाहीं, नळास पाणी नाहीं, अशा स्थितींत पोरेंबाळें संभाळणाऱ्या बायाही तो लढतात.

इतकें लिहून झाल्यावर एखाद्या लेखकानें सुखानें मोठेपणा मिरविला असता. सेम्बेनच्या मनास मात्र एक कांटा टोंचूं लागला. आपण ज्यांच्याविषयीं लिहितों ते आपलें पुस्तक वाचतात काय? रेल्वेचा खलाशी, कासामांसची शेतकरीण, बाजारांतली माळीण ह्यांस फ्रेंच येत नाहीं. पुष्कळांस तर कोणतेंच अक्षर येत नाहीं. म्हणजे गरिबाचें दुःख लिहावयाचें गरिबानें आणि तें वाचून हळहळावयाचें पॅरिसच्या दिवाणखान्यांत! हा उफराटा व्यवहार त्यास पटेना. म्हणून वयाच्या चाळिशीच्या उंबरठ्यावर, १९६२ सालीं, तो मॉस्को येथें जाऊन चित्रपट तयार करण्याची विद्या शिकला. चित्रपट म्हणजे आपल्या लोकांची रात्रीची शाळा, असें तो म्हणत असे. दिवसभर राबलेल्या माणसास रात्रीं पडद्यावर आपलेंच जिणें पाहतां यावें, आपल्या भाषेंत ऐकतां यावें आणि मग त्यावर चार शब्द बोलतां यावे, अशी ही शाळा.

ही शाळा काढणें सोपें नव्हतें. फ्रेंच सरकारनें १९३४ सालींच हुकूम काढून आपल्या आफ्रिकेंतील वसाहतींत परवानगीवांचून चित्रण करण्यास मनाई केली होती. गोऱ्यांनीं काळ्यांचीं चित्रें खुशाल घ्यावीं, नाचणारे रानटी म्हणून जगास दाखवावीं. पण काळ्यानें आपल्या डोळ्यांनीं आपलें गांव पाहूं नये, असा हा न्याय! बंदुकीची भीति समजण्यासारखी आहे, परंतु राज्यकर्त्यांस चित्रें घेण्याच्या यंत्राचीही भीति वाटली, ह्यावरून त्या यंत्राचें मोल वाचकांनीं ओळखावें.

१९६३ सालीं सेम्बेननें वीस मिनिटांच्या सुमाराचा एक लहानसा चित्रपट केला. नायक कोण, तर डाकार शहरांतला एक गरीब गाडीवान. घोड्याची गाडी हांकून तो दिवसाची भाकरी मिळवितो. ओळखीचे लोक गाडींत बसतात आणि पैसे न देतांच उतरतात. एक बाप आपलें मेलेलें तान्हें पोर घेऊन स्मशानाकडे निघतो. परंतु कागद बरोबर नाहींत म्हणून दारावरच त्यास अडवितात. मेलेल्या लेंकरासही मातींत जाण्यासाठीं दाखला लागतो! शेवटीं एक चांगले कपडे घातलेला गृहस्थ, आपला वशिला आहे असें सांगून, साहेबलोकांच्या वस्तींत गाडी नेण्यास लावतो. तेथें गाड्यांस बंदी. शिपाई येतो, गाडी जप्त करतो आणि गाडीवानाचें लढाईंत मिळालेलें पदक पायाखालीं दाबतो. वशिल्याचा गृहस्थ केव्हांच पसार झालेला असतो. गाडीवान रिकामा घोडा घेऊन घरीं येतो. देश स्वतंत्र होऊन तीन वर्षें झालीं होतीं. पण साहेबाच्या वस्तीची वेस होती तेथेंच होती, फक्त तिच्यावरचा शिपाई आतां आपल्या रंगाचा होता.

पुढें १९६८ साली त्यानें 'मंडाबी' हा चित्रपट केला. मंडाबी म्हणजे मनीऑर्डर. पश्चिम आफ्रिकेच्या लोकभाषेंत, म्हणजे वोलोफ भाषेंत, बोलणारा हा पहिला मोठा चित्रपट. पैसा फ्रान्समधून आलेला, म्हणून फ्रेंच भाषेंतही एक प्रत करावी लागली. पण सेम्बेननें वोलोफ सोडली नाहीं. कथा ऐका. इब्राहीमा दिएंग हा पोक्त गृहस्थ. काम नाहीं, दोन बायका, सात मुलें, आणि अंगांत मात्र ऐट पुष्कळ. पॅरिसच्या रस्त्यांवर झाडू मारणारा त्याचा भाचा त्यास २५,००० फ्रँकांची मनीऑर्डर पाठवितो. त्यांतले २,००० मामानें घ्यावे, ३,००० भाच्याच्या आईस द्यावे व बाकीचे २०,००० भाच्यासाठीं जपून ठेवावे, असा हिशेब. मनीऑर्डर आल्याची वार्ता पसरतांच उसनें मागणारांची रांग लागते व वाणी पुढचें उधार लिहूं लागतो. पण पोस्टांत गेल्यावर ओळखपत्र मागतात. ओळखपत्रासाठीं जन्माचा दाखला हवा. दाखल्यासाठीं जन्मतारीख हवी. ती त्यास नक्की ठाऊक नाहीं. फोटो हवा, तिकीट हवें, आणि सर्वांत मुख्य म्हणजे कचेरींत ओळख हवी. हेलपाटे घालून दमलेल्या दिएंगला शेवटीं एक शिकलेला नातलग भेटतो. तो गोड बोलून मुखत्यारपत्रावर सही घेतो, पैसे काढतो, आणि खिसा कापला गेला म्हणून सांगतो. हातीं काय आलें, तर तांदळाचें एक पोतें!

हें वाचून आमच्या पुष्कळ वाचकांस आपल्या घरची हकीकत आठवेल. ह्या कथेंत फ्रेंच अंमलदार कोठेंच दिसत नाहीं. कचेरींतला कारकून काळा, फोटोवाला काळा, लुबाडणारा नातलगही काळा. मग ही वसाहतीच्या इतिहासाची कथा कशी? आमचें म्हणणें, ती त्याच इतिहासाची कथा आहे. परका धनी गेला, पण जातांना आपला कागद मागें ठेवून गेला. तो कागद रयतेच्या भाषेंत नव्हता, म्हणून जो कोणी तो वाचूं शकला तोच नवा धनी झाला. सेम्बेनच्या चित्रपटामागून चित्रपटांत हा कागद येतो. तो कोणाच्या हातीं आहे, हें पाहा म्हणजे सत्ता कोणाची तें कळतें, एवढा सरळ धडा त्यानें आपल्या लोकांस दिला.

ह्या कागदाचा जुना इतिहास त्यानें दोन चित्रपटांत सांगितला. पहिला १९७१ सालचा 'एमिताई'. दुसऱ्या महायुद्धांत फ्रेंच फौजेनें कासामांसच्या दिओला लोकांची तरुण मुलें लढाईवर नेलीं आणि वर कोठारांतलें भातही मागितलें. भात पिकवीत होत्या बाया. त्यांनीं तें लपवून ठेवलें. शिपायांनीं त्या बायांस भर उन्हांत ओलीस बसविलें. पुरुषमंडळी देवांस कौल लावीत बसली. बाया मात्र हलल्या नाहींत. शेवट गोळ्यांच्या आवाजानें होतो. ह्याच चित्रपटांत एक मौजेचा प्रसंग आहे. भिंतीवरचें एका फ्रेंच सेनापतीचें चित्र काढून दुसऱ्याचें लावतात, आणि काळ्या शिपायांस प्रश्न पडतो कीं, सात ताऱ्यांचा सरदार जाऊन दोन ताऱ्यांचा वरचढ झाला कसा? चित्र बदललें तरी भाताची मागणी कायम! त्या मुलखांत त्याच काळीं अलीन सितोए दियाता नांवाच्या तरुण बाईनें लोकांस सांगितलें होतें कीं, सरकारला हवा तो भुईमूग सोडा आणि आपलें भात पेरा. तिला १९४३ सालीं पकडून दूर तिंबक्तूस हद्दपार केलें व तेथेंच १९४४ सालीं ती वारली. नगदी पिकाचें जोखड काय असतें हें ज्या घरांस ठाऊक आहे, त्यांनीं ह्या बाईचें नांव लक्षांत ठेवावें.

दुसरा चित्रपट 'कां द थियारोय', म्हणजे थियारोयची छावणी. तो १९८८ सालीं सेम्बेननें थिएर्नो फाती सो ह्या सोबत्याबरोबर तयार केला. फ्रान्ससाठीं लढून जर्मनांच्या कैदेंत पडलेले आफ्रिकी शिपाई १९४४ सालीं सुटून परत आले. त्यांस डाकारजवळ थियारोय येथें ठेवलें. त्यांनीं आपला थकलेला पगार मागितला. १ डिसेंबर १९४४ च्या पहांटे, ज्या फौजेसाठीं ते लढले त्याच फौजेनें त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. सरकारी कागदांत मेलेल्यांचा आंकडा ३५ लिहिला गेला. कांहीं इतिहाससंशोधक तो शेंकड्यांत असल्याचें सांगतात. चित्रपटांत जर्मनांच्या छळानें वाचा गेलेला एक शिपाई आहे. पहाऱ्यावर असतांना रणगाडे येतांना प्रथम त्यालाच दिसतात. तो धांवत जाऊन सोबत्यांस उठवितो. पण मुक्याचें कोण ऐकणार? वेडा म्हणून ते परत झोंपतात. व्हेनिसच्या महोत्सवांत ह्या चित्रपटास परीक्षकांचें खास पारितोषिक मिळालें. फ्रान्समध्यें मात्र तो अनेक वर्षें लोकांपुढें येऊं शकला नाहीं. १९४४ सालीं घडलेल्या ह्या प्रकारास कत्तल म्हणावयास फ्रान्सच्या राष्ट्राध्यक्षास २०२४ साल उजाडावें लागलें. म्हणजे पुरीं ८० वर्षें! गवंड्याच्या हाताच्या पटकथेनें तीच गोष्ट ३६ वर्षें आधीं सांगितली होती.

परक्याविरुद्ध बोलून टाळ्या मिळविणारे सर्व देशांत असतात. सेम्बेनची कसोटी त्यापुढची आहे. आपल्या घरच्या धन्यांवरही त्यानें तीच नजर रोखली. १९७५ सालच्या 'खाला' ह्या चित्रपटांत गोरे व्यापारी गेले म्हणून गाजावाजा होतो. नवे काळे व्यापारी गादीवर बसतात, आणि लगेच गोरे पाहुणे नोटांनीं भरलेल्या पेट्या त्यांच्यापुढें ठेवतात! ह्या व्यापाऱ्यांपैकीं एकजण दुष्काळांतल्या लोकांचा तांदूळ परस्पर विकून तिसरें लग्न लावतो. त्याच्या दारांत ज्या आंधळ्या भिकाऱ्याचें गाणें चाललेलें असतें, त्याच्याच कुळाची जमीन त्यानें खोटीं नांवें घालून बळकावलेली असते. पुन्हां तोच कागद! देशी सरकारनें ह्या चित्रपटास कात्री लावली. पुढें १९७७ सालच्या 'सेद्दो' चित्रपटांत गुलामांचा व्यापारी, पाद्री आणि इमाम हे तिघेही रयतेवर कबजा करूं पाहतात असें दाखविलें. त्यावर सेनेगलांत बंदी आली. कारण काय दिलें? तर नांवांत 'द' हें अक्षर एकदां लिहावयाचें कीं दोनदां, हा वाद! त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष सेंघोर हे स्वतः फ्रेंच भाषेचे नामांकित कवि व व्याकरणाचे पंडित. एका 'द'साठीं चित्रपट अडवून ठेवणारें व्याकरण कोणाच्या सोयीचें होतें, हें आम्ही वेगळें सांगावयास नको. शुद्धलेखनाची छडी बहुजनांच्या पाठीवर कशी बसते, हें शाळेंत गेलेल्या प्रत्येक गरिबाच्या मुलास ठाऊक असतें. सेम्बेन मात्र अक्षराचा वैरी नव्हता. त्यानें सोबत्यांसह वोलोफ भाषेंत एक मासिकही चालविलें; कारण लोकांची भाषा बोलण्यापुरती न ठेवतां लिहिण्याची व्हावी, हा त्याचा आग्रह होता.

बायांचा प्रश्न त्यानें पुढें ढकलला नाहीं. १९६६ सालच्या त्याच्या पहिल्या मोठ्या चित्रपटांत डाकारची एक मुलगी गोऱ्या कुटुंबाची मोलकरीण होऊन फ्रान्सला जाते आणि बंद खोलींत, अपमानांत, आपला जीव देते. अखेरच्या, २००४ सालच्या 'मूलादे' चित्रपटांत एका खेड्यांतल्या चार मुली अंग कापण्याच्या क्रूर रूढीस भिऊन पळतात आणि कोले नांवाच्या बाईच्या आश्रयास येतात. ती दारास एक रंगीत दोर बांधते. मूलादे म्हणजे आश्रय. आश्रय दिलेल्या घराचा उंबरठा कोणीं ओलांडूं नये, हीही त्या गांवची जुनीच रीत. रूढीला रूढीचाच अडसर! गांवचे पुरुष चिडून बायांचे रेडिओ गोळा करून जाळतात. नवरा चारचौघांत तिला चाबकानें मारतो. ती दोर सोडीत नाहीं. हा चित्रपट केला तेव्हां सेम्बेन ऐंशीच्या घरांत होता.

कोणी म्हणेल, "परके गेले, जुनीं मढीं उकरून काय लाभ? आणि आपल्याच लोकांचीं उणीं जगापुढें मांडून देशाची अब्रू जात नाहीं काय?" हा प्रश्न सेम्बेनलाही आयुष्यभर ऐकावा लागला. आमचें उत्तर असें. ज्या दुःखाचा हिशेब कागदावर येत नाहीं, तें दुसऱ्या रूपानें परत वसूल केलें जातें. थियारोयचा पगार बुडाला तो गोऱ्या अंमलदारानें बुडविला; दिएंगची मनीऑर्डर बुडाली ती घरच्या नातलगानें बुडविली. पहिल्याचें नांव घ्यावयाचें आणि दुसऱ्याचें झांकावयाचें, ही देशभक्ति नव्हे. ती दुसऱ्याची वकिली झाली. देशाची अब्रू रयतेच्या अंगावरच्या वस्त्रासारखी आहे. ती चोरणाराचें नांव घेतल्यानें जात नसते.

परंतु ह्या कामाचा शेवट गोड झाला असें म्हणवत नाहीं. सेम्बेन आपले चित्रपट घेऊन खेड्यापाड्यांत हिंडला, दाखवून झाल्यावर लोकांशीं बोलत बसला. पण चित्रपट वांटण्याचा धंदा दीर्घकाळ फ्रेंच कंपन्यांच्या मुठींत होता. पुढें डाकारचीं चित्रपटगृहेंही एकामागून एक बंद पडलीं. सामोरी तूरे हा फ्रेंचांशीं वर्षानुवर्षें झुंजलेला व १८९८ सालीं पकडला गेलेला पुढारी. त्याच्यावरील मोठ्या चित्रपटाची पटकथा सेम्बेन अनेक वर्षें लिहीत होता, पण त्याला लागणारा पैसा उभा राहिला नाहीं. ९ जून २००७ रोजीं तो डाकारांत वारला, आणि ती पटकथा कागदावरच राहिली. त्याचीं लिहिलेलीं दप्तरें आज अमेरिकेंतील इंडियाना विद्यापीठाच्या ग्रंथालयांत आहेत. तीं नीट जपलीं गेलीं हें चांगलेंच झालें. तरीही ज्या गाडीवानासाठीं तो लिहीत होता, त्याच्या नातवास आजोबाची गोष्ट पाहण्यासाठीं समुद्र ओलांडावा लागावा, ही गोष्ट मनास लागते. लोकांचा लेखक निपजला तरी त्याचें काम लोकांच्या हातीं राहतेंच असें नाहीं. तें राखावें लागतें.

म्हणून आमच्या वाचकांस आमची विनंति आहे. आज चित्रपट हातांतल्या यंत्रावर घरोघर येतो, आणि इतिहासाच्या नांवावर तलवारी, भरजरी पोषाख व मोठमोठीं भाषणें ह्यांचा पूर येतो. तो पाहूं नका असें आम्ही म्हणत नाहीं. मात्र पाहतांना तीन प्रश्न विचारा. ह्या कथेंत धान्य कोण पिकवितो आणि तो बोलतो काय? कागद कोणाच्या हातीं आहे? आणि परक्या धन्यास शिव्या देणारी ही कथा घरच्या धन्यापुढें गप्प तर बसत नाहीं ना? ज्या गांवीं वाचनालय किंवा तरुणांचें मंडळ असेल, त्यांनीं एका रात्रीं शाळेच्या पटांगणांत 'मंडाबी' रीतसर मिळवून दाखवावा. भाषा परकी आहे म्हणून अडून बसूं नये. एकानें उभें राहून अर्थ मराठींत सांगावा. आणि चित्रपट संपतांच लोकांस उठूं न देतां दिवे लावावे, आणि ज्या म्हाताऱ्या माणसानें किंवा बाईनें एका दाखल्यासाठीं सर्वांत जास्त हेलपाटे घातले असतील, तिला सर्वांत आधीं बोलावयास सांगावें. ती जें बोलेल तें शाळेंतल्या एखाद्या मुलीनें वहींत उतरून घ्यावें.